चौदा पोरी, दोन बॉल

परवा तालुक्यातल्या एका मुलीचा फोन आला. बारावीला आहे, विभागापर्यंत फुटबॉल खेळलेली. म्हणाली, "ताई, मले कोच व्हायचं हाये. खेळनं सोडून कोर्स करू का आधी खेळून घेऊ?" तिच्या वयात हा प्रश्न मला पडला असता तर माझी तीन-चार वर्षं वाचली असती. फोनवर जमेल तेवढं सांगितलं, पण पुरं पडलं नाही. म्हणून हे लिहायला बसले.

मी यवतमाळ जिल्ह्यातली. गाव कापूस-तुरीचं, घरी चार एकर कोरडवाहू. मैदान म्हणजे शाळेमागचं गावठाण, पावसाळ्यात गाजरगवत आणि उन्हाळ्यात भेगा. आठवीला तालुक्याच्या हायस्कूलमध्ये गेले तेव्हा सरांनी मुलींचा फुटबॉल संघ काढला. त्यामागे खेळाचं प्रेम वगैरे काही नव्हतं. कबड्डीला नुसत्या तालुक्यातच डझनभर संघ, आणि मुलींच्या फुटबॉलला अख्ख्या जिल्ह्यात चार. "एक मॅच जिंकली का डायरेक फायनल," असा सरांचा हिशोब. आम्हा अकरा जणींतल्या नऊ कबड्डीच्या. पहिल्याच सामन्यात आमच्या बॅकने समोरच्या पोरीला कंबरेत धरून आडवं केलं. पंचांची शिट्टी वाजली तर ही आमच्याकडे बघून हसतेय, पॉइंट मिळाला म्हणून.

हा हिशोब ग्रामीण भागात अजूनही चालतो, आणि त्याचा फायदा घ्यायला काही हरकत नाही. शालेय स्पर्धा १४, १७ आणि १९ वर्षांखालच्या गटांत होतात; जिल्हा, मग विभाग, मग राज्य. जिल्ह्यापर्यंत आपण पळण्याच्या जोरावर जातो. विभागात दम लागतो. राज्यावर गेलं की आपण कुठे आहोत ते दिसतं. मी अकरावीत राज्यावर खेळले, कोल्हापूरकडच्या संघाने आम्हाला सात गोल मारले. सात गोलांपेक्षा मला दुसरीच गोष्ट लक्षात राहिली. त्यांची मधल्या फळीतली एक मुलगी बॉल पायात येण्याआधी दर वेळी मान वळवून मागे बघायची. एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे, मग बॉल. मी तिच्या पाठीवर धावून जाईपर्यंत तिचा पास निघून गेलेला असायचा. तिला मागे डोळे आहेत असं मी सरांना सांगितलं. सर म्हणाले, "डोये समोरच हायेत, मान फिरते तिची."

पुढे शिकायला अमरावतीला गेले. आमच्याकडे खेळात काही करायचं म्हटलं की पहिलं नाव निघतं ते श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं. १९१४ पासूनची संस्था, तिथल्या मैदानावर पहाटे पाचला गेलात तरी कुणीतरी आधी येऊन पळत असतं. संत गाडगेबाबा अमरावती विद्यापीठाकडून पश्चिम विभाग आंतरविद्यापीठ स्पर्धा दोनदा खेळले. राज्याच्या शिबिराला एकदा बोलावणं आलं. अंतिम संघात नाव लागलं नाही. वरिष्ठ महिलांच्या राष्ट्रीय स्पर्धेचा चषक आता राजमाता जिजाबाईंच्या नावाने दिला जातो. जिजाऊंचं माहेर सिंदखेडराजा, म्हणजे आमच्या बुलडाण्याचंच. माझ्या वेळच्या शिबिरात विदर्भाच्या मात्र आम्ही दोघीच होतो, आणि दोघीही परत आलो. हे लाजण्यासारखं नाही. सगळ्यात जास्त वेळा ती स्पर्धा जिंकणाऱ्या मणिपूरमध्ये मुली लहानपणापासून रोज खेळतात, आणि आम्ही स्पर्धेच्या महिनाभर आधी मैदान साफ करायला घेतो.

इंडियन विमेन्स लीग सुरू झाली २०१६-१७ च्या हंगामात, म्हणजे मी खेळत होते तेव्हाच. पहिलं विजेतेपद मणिपूरच्या ईस्टर्न स्पोर्टिंग युनियनने घेतलं. भारताच्या माजी कर्णधार बेमबेम देवी त्या संघात खेळतही होत्या आणि संघ सांभाळतही होत्या. पुढे २०२० मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. त्याच सुमारास, २०१७ मध्ये, गोव्याच्या माजी खेळाडू मेमॉल रॉकी भारताच्या महिला संघाच्या मुख्य प्रशिक्षक झाल्या. या बातम्या मी तेव्हा वाचल्या, पण त्यातून घ्यायचं ते घेतलं नाही. खेळणं संपलं की मग कोचिंग, दोन्हींच्या मधे एक भिंत असते, असंच माझ्या डोक्यात बसलेलं. बेमबेम देवींना ती भिंत दिसली नव्हती. मला दिसत होती, आणि ती माझ्या गुडघ्यावर येऊन पडली.

बी.पी.एड. (शारीरिक शिक्षणाची पदवी) संपलं त्या वर्षीच्या डिसेंबरात एका गावच्या स्पर्धेत खेळत होते. मैदान दगडासारखं. कुणी हातही लावला नाही, मी नुसती वळले आणि गुडघ्यातून टक् असा आवाज आला. संध्याकाळपर्यंत गुडघा नारळाएवढा. घरी हळद-चुना झाला, मग शेजारच्या गावचा मालीशवाला झाला. "शीर चढली" म्हणून त्याने दोन आठवडे चोळलं. सूज उतरली तशी मी पुन्हा खेळले, आणि गुडघा पुन्हा सटकला. एमआरआय नागपूरला झाला तोवर दोन महिने गेलेले. एसीएल, म्हणजे गुडघा जागेवर धरणारा आतला अस्थिबंध, तुटला होता, सोबत गुडघ्यातल्या गादीलाही मार बसला होता. ती बहुधा दुसऱ्या वेळची कमाई.

म्हणून हे थोडं जोर देऊन सांगते. खेळताना गुडघ्यात आवाज आला आणि काही तासांत सूज आली तर मालीश करायची नाही. बर्फ, आराम आणि हाडांचे डॉक्टर, याच क्रमाने. एसीएलची दुखापत मुलांपेक्षा मुलींना कितीतरी जास्त होते. उडी मारून उतरताना मुलींचा गुडघा आत वळण्याकडे कल असतो, मांडीच्या मागचा स्नायू कच्चा असतो, आणि उतरायचं कसं हे कुणी शिकवलेलंच नसतं. फिफाचा 'इलेव्हन प्लस' नावाचा वॉर्म-अप आहे. तीन भाग, पंधरा व्यायाम, वीस मिनिटं, साहित्य म्हणाल तर काहीच नाही. नियमित केला तर दुखापती लक्षणीय कमी होतात, हे तपासून सिद्ध झालेलं आहे. फुकट आहे. मी खेळत होते तेव्हा आम्ही मैदानाला दोन चकरा मारायचो आणि त्याला वॉर्म-अप म्हणायचो.

ऑपरेशननंतरचे महिने वाईट गेले, त्याबद्दल फार लिहीत नाही. घरात मावश्या-आत्या यायच्या. "शिक्षन झालं, पाय गेला, आता कायची वाट पाहून राहिले?" असं आईला विचारायच्या, मला ऐकू जाईल एवढ्या हळू आवाजात. एक दिवस सरांचाच फोन आला. निवृत्तीला दोन वर्षं उरली होती त्यांची. "ये मैदानावर. पयता येत नाही तं बसून शिट्टी तरी मार."

पहिला दिवस. चौदा पोरी, दोन बॉल. एक बॉल फुटेल म्हणून मी पिशवीतच ठेवला. चौदा जणींची रांग लावली; एकीने बॉल मारायचा, मी तिला दुरुस्त करायचं, ती रांगेच्या शेवटी जाणार. मला स्वतःला असंच शिकवलं होतं. सर बांधावर चिंचेखाली बसलेले. चाळीस मिनिटांनी मला बोलावलं आणि मूठ उघडली. मुठीत चिंचोके.

"ते लाल रिबीनवाली पोट्टी दिसते? तिचा बॉलले पाय लागला का एक चिंचोका खिशात टाकत होतो. मोज."

अकरा होते. चाळीस मिनिटांत अकरा वेळा. बाकी वेळ ती पोरगी रांगेत उभी राहून समोरचीच्या वेणीशी खेळत होती. मी मात्र घामाघूम झाले होते, घसा बसला होता, भरपूर शिकवलं असं मला वाटत होतं.

दुसऱ्या दिवशी दोन्ही बॉल बाहेर काढले. सात-सात जणींची दोन रिंगणं केली. पाच जणी बाहेर, दोघी मधे, बाहेरच्यांनी पास द्यायचा, मधल्यांनी हिसकायचा. रोंडो म्हणतात त्याला, जगभर खेळतात. लाल रिबीनचे चिंचोके शंभरच्या आसपास गेले. मी जवळजवळ काहीच बोलले नव्हते.

आता नव्याने या कामात येणाऱ्या मुलींना पहिला अडथळा सांगते. तुम्ही चांगल्या खेळाडू असाल तर शिकवायला तुम्हाला जास्त जड जाणार आहे. जे आपल्याला आपोआप येतं ते आपण कसं करतो हे आपल्यालाच ठाऊक नसतं. एका पोरीने विचारलं, "ताई, पाय कसा ठेवू?" मी म्हटलं, "असा." गुडघ्याला पट्टा बांधलेला, त्यामुळे 'असा' दाखवताही येईना. मग घरी ओट्यावर बसून स्वतःचा पाय बघत बसले. टेकलेला पाय बॉलच्या शेजारी, बोटं जिकडे पास द्यायचा तिकडे, मारणाऱ्या पायाचा घोटा घट्ट. घट्ट म्हणजे किती? विळ्याची मूठ धरतो तेवढा. हे शेवटचं वाक्य सापडायला मला आठवडा लागला, आणि वेचणी-निंदणी करणाऱ्या पोरींना ते एका क्षणात कळलं. पाय धड असता तर मी 'असा, असा' करत चार वर्षं काढली असती.

कोल्हापूरच्या त्या पोरीची मान मी अशीच शिकवायला घेतली. बॉल घेणारीच्या मागे दुसरी उभी करते आणि तिला बोटं वर धरायला लावते. बॉल पायात येण्याआधी वळून बघायचं आणि किती बोटं ते ओरडून सांगायचं. सुरुवातीला सगळ्या अंदाजे "तीन!" ओरडतात.

कागदपत्रांकडे येते. इथेच बहुतेक मुली अडकतात, कारण कोच व्हायचं म्हणजे नेमकं कुठे काम करायचं हे ठरलेलं नसतं. कागद तीन प्रकारचे आहेत आणि प्रत्येकाचं दार वेगळं. शाळेत क्रीडाशिक्षक व्हायचं असेल तर बी.पी.एड., पदवीनंतर दोन वर्षं. सरकारी प्रशिक्षकाच्या जागा डोळ्यासमोर असतील तर पतियाळाच्या नेताजी सुभाष राष्ट्रीय क्रीडा संस्थेची एक वर्षाची पदविका. त्यांचाच सहा आठवड्यांचा प्रमाणपत्र अभ्यासक्रमही आहे. पण तो पदविकेची बरोबरी करत नाही, फसू नका. आणि क्लब, अकादमी, लीग यांच्याकडे जायचं तर अखिल भारतीय फुटबॉल महासंघाचे परवाने. सुरुवातीचं ई प्रमाणपत्र, मग डी, सी, बी, ए आणि सगळ्यात वर प्रो. डीसाठी वयाची अठरा वर्षं पूर्ण हवीत. खेळणं सोडायची अट कुठेच नाही. फोनवरच्या मुलीला माझं पहिलं उत्तर हेच होतं.

मी डी केलं २०१९ मध्ये. आमच्या तुकडीत बायका तिघी. वर्गातलं बोलणं इंग्रजी-हिंदी मिसळून चालायचं, पण पाटीवर मैदान काढलं की भाषा अडत नाही. शेवटी प्रत्यक्ष सत्र घ्यावं लागतं, त्याचीच सगळ्यांना धास्ती. माझा विषय होता बॉल घेणं आणि पास देणं. आधीच्या रात्री पाठ केलेलं सगळं मी एका दमात म्हणून टाकलं. परीक्षक शांतपणे म्हणाले, "मॅडम, चार मिनिटं झाली, बॉल अजून हलला नाही." मला चिंचोके आठवले. उरलेल्या वेळात गप्प राहिले आणि पास झाले.

आता थोडं कडू. मी सिनियरची एक स्पर्धा खेळले होते, आम्ही ती जिंकलो होतो, पुढाऱ्यांच्या हस्ते भला मोठा चषक, सोनेरी काठाचं प्रमाणपत्र. महाराष्ट्रात सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, त्यासाठी क्रीडा विभागाच्या विभागीय कार्यालयाकडून प्रमाणपत्राची पडताळणी करून घ्यावी लागते. मी ते सोनेरी काठाचं घेऊन गेले आणि कळलं की भरवणारी संस्था मान्यताप्राप्त संघटनेशी जोडलेलीच नव्हती. कागदाची किंमत शून्य. खेळण्याआधी एवढंच विचारायचं, स्पर्धा कुणाच्या मान्यतेने आहे? महासंघाच्या ऑनलाइन नोंदणीत आपलं नाव आहे का? आम्ही विचारायचो ते जेवण आहे का आणि भाडं मिळेल का.

दुसरी अडचण नावाची. दहावीच्या गुणपत्रिकेवर वडिलांचं नाव एक, विद्यापीठाच्या प्रमाणपत्रावर एका अक्षराने वेगळं. त्यासाठी प्रतिज्ञापत्र, तहसीलच्या चकरा, तीन आठवडे. प्रमाणपत्र हातात पडताच, बसमध्ये चढायच्या आधी, नाव, जन्मतारीख, गट आणि क्रमांक वाचून बघा. दहावी-बारावीला क्रीडा सवलतीचे गुण मिळतात, पण शाळेकडून प्रस्ताव वेळेत गेला तर. तो गेला का हे पोरीने स्वतः विचारायचं. लाजू नका, कारकून विसरतात.

पैशांचं सांगायचं तर माझा पहिला पगार एका खासगी शाळेत महिना ९ हजार होता, दहा महिने, उन्हाळ्यात शून्य. उन्हाळी शिबिरं, शाळांच्या स्पर्धांना पंच म्हणून मिळणारं मानधन, असं जोडून जोडून चालवलं. पंचाची परीक्षाही देऊन ठेवा. नियम कळल्याने कोचिंग सुधारतं आणि जोडीला हातात काही पैसे पडतात.

मैदानावरचं काम मात्र निम्मंच. उरलेलं लोकांच्या ओट्यावर. आठवी-नववीत पोरी गळतात. पाळी सुरू होते, हाफपँटचा विषय निघतो, आणि दसऱ्यानंतर कापूस फुटला की घराला वेचणीसाठी हात लागतात. हाफपँटवर मी भांडत बसत नाही, आतून लेगिंग घाला म्हणते, खेळ त्याने अडत नाही. वेचणीच्या दिवसांत सराव पहाटे साडेपाचला घेते, सातला पोरी मोकळ्या. यात बापांशी भांडून काही होत नाही, त्यांचंही बरोबर असतं. एक जण मला सरळ म्हणाले, "मॅडम, यातून भेटते काय, ते सांगा." मी गुण सांगितले, आरक्षण सांगितलं, आणि यातलं काहीच पक्कं नाही हेही सांगितलं. पोरगी उत्तम खेळायची. अठरा पूर्ण झाल्याच्या पुढच्याच महिन्यात तिचं लग्न लागलं. जेवायला मी गेले होते.

एक चूक अजून टोचते. एक पोरगी दहा मिनिटांत बसून जायची, पाय दुखतात म्हणायची. मी तिला सगळ्यांसमोर आळशी म्हटलं. दोन महिन्यांनी तिला जोरात कळा आल्या, दवाखान्यात नेलं, तर सिकलसेल, रक्ताचा आनुवंशिक आजार. आमच्या भागात, विशेषतः आदिवासी आणि काही इतर समाजांत, हा आजार नवा नाही. मी शारीरिक शिक्षणाची पदवीधर, मला ते सुचायला हवं होतं. आता नवीन पोरगी आली की आधी प्राथमिक आरोग्य केंद्रात हिमोग्लोबिन आणि सिकलसेलची तपासणी. २०२३ मध्ये सिकलसेल निर्मूलनाचं राष्ट्रीय अभियान सुरू झालं, तेव्हापासून हे सोपं झालंय. आजार असेल तर डॉक्टर सांगतील तेवढंच. नुसती वाहक असेल तर खेळता येतं, पण दमवणाऱ्या धावा एकामागून एक लावायच्या नाहीत, पाणी वारंवार, आणि उन्हात जबरदस्ती नाही. तसंही आमच्याकडे एप्रिल-मे मध्ये पारा ४५ च्या घरात जातो. सकाळी आठनंतर मैदानावर पोरी ठेवणाऱ्या कोचला काही कळत नाही असं माझं स्पष्ट मत आहे.

ती फोनवाली मुलगी रविवारी आली. खेळायचे बूट घालूनच आली होती, पण तिला मी चिंचेखाली बसवलं, ओंजळभर चिंचोके दिले आणि म्हटलं, कुणाचेही मोज. एकीला धरून बसेल असं वाटलं होतं. तिने जमिनीवर रेघा ओढून पाच पोरींचे पाच ढीग केले. सराव संपल्यावर मी विचारलं, काय दिसलं?

"ताई, गोलकीपरले तीनच भेटले."

ते मी आजवर कधी मोजलंच नव्हतं.